सहदेवच्या भिंतीवर कायदेशीर इलाज

१२ फेब्रुवारी १९८४, रविवार. मुलुंड.
शेजारच्या सहदेव राणेने दोन घरांमधलं तारेचं कुंपण काढलं. आता विटांची भिंत घालतोय. आखणी चक्क हातभर आपल्या हद्दीत! वर मलाच मालवणीत हाक मारतो, नंद्या, सुतळीचा टोक धर रे. धरलं नाही. धरलं असतं तर कायद्याने संमती झाली असती. तडक घरात निघून आलो. दोस्ती जुनी आहे, पण हद्द म्हणजे हद्द.
संकल्प: भांडायचं नाही. योग्य कायदेशीर इलाज निवडायचा. एकच, पण जालीम.

१३ फेब्रुवारी
हाफ डे टाकून पोलीस चौकीत. हवालदाराने विचारलं, मारामारी झाली का? नाही म्हटलं. मग सिव्हिल मॅटर आहे, कोर्टात जा, म्हणाला. म्हणजे आपल्याकडे मॅटर आहे, हे पोलिसांनाही मान्य. दिवस सत्कारणी.

१५ फेब्रुवारी
फोर्टच्या फुटपाथवर कायद्याचं जाडजूड पुस्तक मिळालं. मनाई हुकूम, ताब्याचा दावा, सरकारी मोजणी. इलाज भरपूर आहेत. घाई करणारे हरतात. भिंत गुडघ्याएवढी.

१८ फेब्रुवारी
मनाई हुकूमच! ठरलं. अर्ज इंग्रजीत लिहायला घेतला. पहिलं वाक्य फार झकास जमलंय, दुसरं सुचत नाही. भिंत कमरेएवढी.
आमच्या सौ. रत्नप्रभाने गवंड्यांना चहा दिला. हे कोर्टात आपल्यावर उलटेल, असं तिला बजावलं. ती म्हणाली, तुम्हाला पण आणू का? घेतला.

२२ फेब्रुवारी
विचार बदलला. आधी मोजणी, मग मनाई. मोजणीच्या ऑफिसात गेलो. साहेब रजेवर. क्लार्क म्हणाला, अर्ज दिलात तरी मे उजाडेल. हरकत नाही, सत्य कुठे पळून जात नाही. भिंत खांद्याला लागली.

२५ फेब्रुवारी
घाटकोपरच्या वकील अनुपमा प्रधान यांना भेटलो. बाई हुशार, पण फटकळ. म्हणाल्या, मनाई हुकूम भिंत व्हायच्या आधी मागतात हो. आता काय थांबवणार? आता भिंत पाडून जागेचा ताबा मागा, जागेचे कागद घेऊन या.
म्हणजे अजून एक इलाज शिल्लक आहे. उगाच काळजी करत होतो.

२७ फेब्रुवारी
कागद दाखवले. प्लॉट सासऱ्यांनी रत्नप्रभाच्या नावावर घेतलेला. बाईंनी चष्म्यावरून बघत विचारलं, यात तुम्ही कोण? मी म्हटलं, मिस्टर. त्या म्हणाल्या, दावा मिसेसने लावायचा. तांत्रिक मुद्दा.
घरी येऊन रत्नप्रभाला म्हटलं, वकीलपत्रावर सही कर. तिने भाजी चिरता चिरता सांगितलं, तुम्ही घरात निघून आलात तेव्हा सुतळीचं टोक मीच धरलं. आपल्या मोरीचं पाणी घरामागे तुंबायचं, त्याला सहदेवभावोजींनी त्यांच्या गटारात वाट करून दिली. बदल्यात मी हातभर जागा दिली.
मला का नाही सांगितलंस, असं विचारलं. म्हणाली, दोनदा आले होते सांगायला. दोन्ही वेळा तुम्ही, वाचतोय, म्हणालात.
मोरी पाहिली. कोरडी आहे. पण तो मुद्दा वेगळा.

४ मार्च, रविवार
सहदेवकडे टीव्हीवर सिनेमा. रत्नप्रभा गेली. सहदेव भिंतीवरून डोकावून म्हणाला, नंद्या, येतंस मां? पिक्चर सुरू झालो. मी नाही म्हटलं. गेलो तर भिंत मान्य केल्यासारखं होईल.
सर्व हक्क राखून, आपल्याच हद्दीत, भिंतीला टेकवून स्टूल टाकलं. चित्र अर्थात दिसत नाही. गाणी येतात, संवाद कळत नाहीत. नायिका का रडतेय समजेना. शेवटी उठून भिंतीवरून सांगितलं, सहदेव, आवाज जरा वाढव रे.
वाढवला त्याने.