यंत्राने गाळलेलं

४ मार्च

ती. आईस शि. सा. न. वि. वि.

फोनवर तू 'बरं, बरं' म्हणून सुटतेस, म्हणून पत्र. बाबांनी आमच्या लहानपणी काढलेल्या व्हिडिओ कॅसेटी मी स्टुडिओत संगणकावर उतरवून घेतल्या. बुरशी धरली होती. मग सॉफ्टवेअरने चित्राची थरथर काढली आणि आम्हा मुलांचे नि तुझा आवाज ठेवून बाकीचा गोंगाट पुसून टाकला. दादाबरोबर पेनड्राइव्ह पाठवते आहे, तो टीव्हीला लावून देईल.

माझ्या नव्या प्रदर्शनाचा विषयच हा आहे: यंत्राने आठवण लख्ख करून दिली, तर माणसाला जास्त आठवतं की कमी? पहिला प्रयोग तुझ्यावर. वाटेल ते लिही, माझी भीड धरू नकोस.

माझ्यावर लोभ आहेच. थोडा माझ्या यंत्रांवरही कर.

तुझी,
खुडबुडी


११ मार्च

चि. खुडबुडीस अनेक आशीर्वाद.

चित्र इतकं स्वच्छ, की तुझ्या नाकातला शेंबूडसुद्धा दिसतो. दादा पोट धरधरून हसला. पण बाई, यातले तुझे बाबा कुठे गेले?

कॅमेरा कायम त्यांच्याच हातात, त्यामुळे ते एकाही चित्रात नाहीत. होते ते फक्त मागच्या आवाजात. तो नाकातला सूं सूं श्वास, ते दाबलेलं हसू. हसले की चित्र हलायचं. ते सगळं तू झाडून काढलंस. आता वाटतं, कुणी परका येऊन तुम्हाला टिपून गेलाय.

तुला म्हणून सांगते. अलीकडे मला त्यांचा आवाज आठवेनासा झालाय. चेहऱ्याचे फोटो आहेत, आवाजाचं काय करू? त्या कॅसेटींवरच माझी भिस्त होती. त्या जपून ठेवल्या आहेस ना? लगेच कळव, जीव टांगणीला लागलाय.

रागावले असले तरी माया तीच.

तुझी आई


१६ मार्च

ती. आईस शि. सा. न. वि. वि.

पत्र वाचलं आणि तडक स्टुडिओ गाठला. कॅसेटींची फीत उतरवतानाच तुटत गेली, त्या मी टाकून दिल्या. पण घाबरू नकोस, न पुसलेली पहिली प्रत संगणकावर आहे. शिवाय यंत्राने जे काढून टाकलं, तेवढंच वेगळं ऐकता येतं. हे मला आधी सुचलंच नव्हतं! ऐकलं, आई. आमची बडबड नाही, काही नाही. नुसते बाबा.

आता प्रदर्शनच बदललं. अंधारी खोली, कोरा पडदा आणि हा आवाज.

एक मात्र विचारायचंय. प्रत्येक कॅसेटीत ते मधूनच अगदी हळू कुणाला तरी हाक मारतात. हाक स्पष्ट आहे, पण त्या नावाचं आपल्या घरात कुणी नाही. दादालाही माहीत नाही. कुतूहल मला स्वस्थ बसू देत नाहीये. कोण आहे हे? रेकॉर्डिंग सोबत पाठवते.

या धांदलीत माझ्यावरचा लोभ पातळ होऊ देऊ नकोस.

तुझी,
खुडबुडी


२२ मार्च

चि. खुडबुडीस अनेक आशीर्वाद.

दादाला बाहेर पिटाळलं आणि दार लावून ऐकलं. हाक आली आणि मी चक्क 'काय हो?' म्हणाले. मग पोटभर रडले. बरं वाटलं.

ती हाक मला होती. पोरांसमोर ती मारायची नाही, असं मी तुझ्या दादाच्या जन्मानंतर बजावलं होतं. मला वाटायचं, गुमान ऐकलं यांनी. आणि हा माणूस कॅमेऱ्याआड लपून खुशाल हाका मारत होता! मी समोर तुमच्यामागे घास घेऊन पळत असायची. मला एकही ऐकू आली नाही.

प्रदर्शन कर, जरूर कर. लोकांना त्यांचा श्वास ऐकव, हसू ऐकव. तेवढी हाक मात्र गाळून टाक, तुझ्या यंत्राला ते छान जमतं. आणि गाळलेल्या सगळ्या हाका मला पाठव.

अर्थ विचारू नकोस, सांगणार नाही. माया आहेच.

तुझी आई