खंडाच्या दिवशीचा शिक्का

तीर्थस्वरूप ताईस, धाकट्याचा वाकून नमस्कार (गुडघा धरलाय, तेव्हा वाकलो असं समज).

तुझी कंबर कशी आहे? भाऊजींचा खोकला? इकडे सगळे मजेत, माझं मात्र चित्त थाऱ्यावर नाही. डबा तसाच पडलाय. ताई, आज न्यायाधीश माझ्याकडे बघून हसले!

नीट सांगतो. बावीस वर्षं मी आमच्या कचेरीच्या आवक टेबलावर तात्पुरता आहे, हे तू जाणतेसच. एकोणनव्वद दिवस नोकरी, नव्वदाव्या दिवशी सेवेत खंड, एक्क्याण्णवाव्या दिवशी पुन्हा नवा कोरा उमेदवार. खंडाच्या दिवशी मी सरकारचा कोणी लागत नाही, तरी टेबलावर असतोच, कारण टपाल काही खंड पाळत नाही. (लग्न तेवढं मी खंडाच्या दिवशी उरकलं, रजा मागायला नको म्हणून. तर साहेबांनी कपाटाच्या किल्लीसाठी शिपाई हॉलवर पाठवला!) कायम करा म्हणून कोर्टात गेलो, तेव्हा सरकारचं उत्तर आलं की याची सेवा सलग नाहीच. आता हे उत्तर लिहिलं कुणी? मीच! कचेरीत धड मसुदा करणारा दुसरा आहे कोण? 'सदर इसमाची कार्यालयास गरज नाही' हे वाक्य तर मला इतकं झकास साधलं की मीच दोनदा वाचलं. साहेबांनी एकदाही वाचलं नाही. माझ्या टेबलावरून गेलेल्या कागदावर ते डोळे मिटून सही करतात, एवढा विश्वास.

तर आज सकाळी तारीख होती. सरकारी वकिलांना माझा जुना नेमणूक आदेश सापडेना. त्यांनी साहेबांकडे पाहिलं, साहेबांनी सवयीने माझ्याकडे पाहिलं, आणि मी, हाडाचा कारकून, आमच्या बाकावरून उठून पलीकडे गेलो, त्यांच्या गठ्ठ्यातून माझ्याच विरुद्धचा कागद काढून त्यांच्या हातात दिला. आमच्या वकीलबाईंनी कपाळावर हात मारला. न्यायाधीशांनी चष्मा काढून विचारलं, "हे तुमचे कर्मचारी की अर्जदार?" साहेब गडबडीत म्हणाले, "आज कर्मचारी नाहीत, महोदय. आज त्यांचा खंड आहे." अख्खं कोर्ट हसलं! मग न्यायाधीश गंभीर होऊन म्हणाले, जुन्या खंडांच्या दिवशीही हा माणूस असाच राबत होता, याचा लेखी पुरावा पुढच्या तारखेला आणा, मग बघतो. हजेरीपटात तर त्या दिवशी माझ्या नावापुढे नुसती आडवी रेघ. तिथून मी थेट कचेरीत आलो, कारण टपाल साचलं होतं.

ताई, निवृत्तीला चार वर्षं उरली. तात्पुरताच घरी गेलो तर मी निवृत्त झालो की खंडावर गेलो, हेसुद्धा कुणी सांगणार नाही. त्याची मला फार भीती वाटते. पण आज पहिल्यांदा वाटतंय, जमेल!

घरात नमस्कार-आशीर्वाद ज्याचे त्याला वाटून टाक.

तुझा भाऊ
(हे एकच पद आजवर कायम)

ता. क. खरं काम राहिलंच. खंडाच्या दिवशी कचेरीत बसून मी तुला पत्रं लिहायचो आणि हाताच्या सवयीने त्यांवर आवकचा तारखेचा शिक्का हाणायचो. "मला काय सरकारी टपाल समजतोस?" म्हणून तू चिडायचीस. ती सगळी पत्रं तुझ्या ट्रंकेत असतील. पाकिटांसकट लगेच पाठव. रद्दीत दिली असशील तर मला कळवू नकोस, आधी रद्दीवाल्याकडे धाव.

ता. क. दोन. त्यांत भाऊजींच्या गाण्याविषयी मी बरंच काही लिहिलंय. वकीलबाई म्हणतात, एक ओळ जरी खोडली तरी पुरावा बाद, आणि कोर्टात मोठ्याने वाचलं जाईल. त्या दिवशी भाऊजींना कुठेतरी गुंतवून ठेव.

ता. क. तीन. हेही पत्र जपून परत पाठव. आजचा शिक्का मारून मघाशी मी ते बाकीच्या टपालात साहेबांकडे ठेवलं होतं, आत्ता परत आलं. खाली डाव्या कोपऱ्यात बघ. सही त्यांचीच आहे, तारखेसकट.