पेन्सिलीचे ठोके

सोमवार, १२ ऑगस्ट

प्रिय दादा,

सप्रेम नमस्कार. वहिनींना नमस्कार, पोरांना पापा. इकडे सर्व क्षेम आहे, असं लिहायची पद्धत आहे म्हणून लिहिलं. पत्र वाचून झालं की ते वाक्य तूच खोडून टाक.

इंग्रजी गद्याच्या इतिहासाच्या सावत्र भावंडांनो! सभेला श्रोता तू एकटाच आहेस, तरी सुरुवात अशीच करते. मला दुसरी येत नाही. आपलं गाऱ्हाणं जुनं आहे: आपल्या बापानं सगळी माया स्वतः लिहिलेल्या त्या ग्रंथाच्या दोन खंडांना दिली आणि आपल्या वाट्याला विरामचिन्हं आली. रविवारी बाकीच्या घरांतली पोरं खेळायला जायची, आणि आपण जेवणाच्या टेबलाशी बसून शेकडो वर्षांपूर्वीच्या कुठल्यातरी धर्मोपदेशकाचं पान मोठ्यानं वाचायचो. बाबा पेन्सिलीचं बूड टेबलावर आपटायचे. अर्धविरामाला एक ठोका, पूर्णविरामाला दोन. आपला श्वास आधीच संपला की पेन्सिल हवेत थांबायची. "श्वास चुकला. पुन्हा." तुला निदान अधूनमधून शाबासकी मिळायची. मला फक्त "पुन्हा" मिळालं.

तू म्हणशील, कालच तर फोनवर बोललो, मग हे पत्र कशाला? फोनवर मी भाषण करते आणि तू "भोंग्या, मुद्द्यावर ये" म्हणतोस, म्हणून. शिवाय फोन बाबांच्या खुर्चीला खेटून आहे. तुला मराठी वाचायला वेळ लागतो हे माहीत आहे, म्हणून अक्षर मोठं काढलंय. वहिनींकडून वाचून घेऊ नकोस. स्वतः वाच.

आधी बातम्या. अर्धांगाच्या झटक्यानंतर आता बाबा काठी घेऊन गॅलरीपर्यंत जातात. उजवा हात अजून कामाचा नाही, पण डाव्यानं जेवतात, आणि सांडलं की आमटीलाच रागावतात. सकाळी येणाऱ्या नर्सबाईंशी त्यांचं चांगलं जमलंय. परवा त्या म्हणाल्या, "काका, आज दाढी करायची." बाबा म्हणाले, "कोणाची?" त्या म्हणाल्या, "तुमचीच की." तर म्हणे, "मग आधी मालकाला विचारायला हवं." दोघं पोट धरून हसत होती. आपण हा माणूस कधी पाहिला होता का रे?

घरात ज्याचं मराठी "दार लाव", "दिवा घालव" आणि "आईला विचार" एवढ्यावर भागायचं, तो माणूस आता दिवसभर मराठीत बडबडतो. शब्द अडतात, मधे मधे भलतेच येतात, चमच्याला कंगवा म्हणतात, पण बोलतात. थोरल्या काकांच्या सायकलच्या दांडीवर बसून शाळेत जायचे ते सांगतात. ती दांडी कुठे रुतायची तेही सांगतात, नर्सबाईंसमोर. आणि मला "बाळ" म्हणतात. केस पांढरे झाल्यावर मी त्यांचं बाळ झालेय.

मी हयातभर व्यासपीठावरून हेच ओरडत आले ना? आईच्या भाषेतली शाळा द्या, आईच्या भाषेत विचार करू द्या, उसन्या जिभेनं कुणी मोठं होत नाही. त्यातली निम्मी वाक्यं मुळात बाबांना उद्देशून होती, हे तुला ठाऊक आहे. आता बाबा माझ्याशी मराठीत बोलतात. मी जिंकले, दादा. या जिंकण्याचं काय करायचं ते कुणी सांगेल का?

प्रकाशन समारंभाबद्दल. बाबांच्या कॉलेजच्या प्राचार्यांचा निरोप आला. दुसरा खंड छापून तयार आहे, सभागृह ठरलंय, तू येणार म्हणून पत्रिकेत तुझंही नाव आहे. आणि तुझ्या सूचनेप्रमाणे बाबा प्रस्तावनेचं पहिलं पान वाचणार, असं त्यात छापलंय. या सूचनेला मीच जबाबदार आहे. मीच तुला आनंदानं कळवलं होतं की मी बाबांना त्यांच्या आवडीची पानं वाचून दाखवते आणि ते डाव्या हातात पेन्सिल धरून खुर्चीच्या हातावर ठोके देतात. अर्धविरामाला एक, पूर्णविरामाला दोन. एकही चुकत नाही. तू म्हणालास, "म्हणजे डोकं शाबूत आहे." डॉक्टरही तेच म्हणाले. मीही तेच धरून बसले होते.

बाबांचा सगळा सिद्धांतच तो होता. इंग्रजी गद्य आधी कानासाठी जन्मलं, डोळ्यांकडे फार उशिरा गेलं. ते चर्चमधल्या प्रवचनांतून आलं, कोर्टातल्या युक्तिवादांतून आलं, राजाला शिव्या घालणाऱ्या पत्रकांतून आलं, जी एकजण चौकात उभा राहून वाचायचा आणि बाकीचे ऐकायचे. मग घरी शेकोटीशी बसून स्वतःच्या आळसावर निबंध लिहिणारे आले, नियतकालिकं आली, पण त्यांच्याही वाक्यात तो उभा राहून बोलणारा माणूस दबा धरून होता. पहिल्या खंडावर एका समीक्षकानं लिहिलं होतं, आठवतं? "लेखकाला वाक्याचा ठेका कळतो, वाक्य काय म्हणतं याची त्याला फिकीर नाही." बाबा आठवडाभर जेवताना बोलले नव्हते. दुसरा खंड म्हणजे त्या एका ओळीला दिलेलं जाडजूड उत्तर आहे.

तर गेल्या महिन्यात वाचताना माझ्याकडून दोन पानं एकदम उलटली गेली. मरणावरच्या प्रवचनाच्या मधोमध वाक्य तुटलं आणि पुढे एकदम वर्तमानपत्रांवर बसवलेल्या कराचा मजकूर सुरू झाला. मला चूक कळली ती चार ओळींनंतर. मी घाबरून वर पाहिलं. स्वल्पविराम जागचा हलला तर पुस्तक भिरकावणारा हा माणूस. बाबा डोळे मिटून ठोके देत होते. चेहऱ्यावर समाधान.

मी गप्प बसायला हवं होतं. पण मी गप्प बसणारी असते तर तू मला भोंगा म्हणाला नसतास. दुसऱ्या दिवशी स्वयंपाकघरातल्या खणातून वॉशिंग मशीनचं इंग्रजी माहितीपत्रक काढलं आणि पुस्तकात ठेवून वाचायला लागले. वाचलं मात्र त्या प्रवचनाच्या चालीवर, आवाज खाली नेत, वर आणत, जिथे श्वास घ्यायचा तिथे घेत. पांढरे कपडे रंगीत कपड्यांपासून वेगळे ठेवावेत. खिसे रिकामे करून घ्यावेत. यंत्र थांबल्याखेरीज झाकण उघडू नये. बाबांची पेन्सिल पडत राहिली. एक, एक, आणि शेवटी दोन. त्यांच्या डोळ्यांतून पाणी आलं. म्हणाले, "वा! काय लिहिलंय!"

मी विचारलं, "काय लिहिलंय, बाबा?"

"ते मला नाही कळत गं. पण मोठा माणूस असणार."

इंग्रजी गेलंय, दादा. पूर्ण. अडखळलेलं नाही, दडलेलं नाही. स्पीच थेरपिस्ट बाईंना मी विचारलं. त्या बिचाऱ्या पहिल्यापासून मराठीतच शिकवत होत्या, त्यांना वाटत होतं प्रगती छान आहे. त्यांनी इंग्रजीतले साधे शब्द विचारून पाहिले. पाणी, खिडकी, मुलगा. बाबा कौतुकानं त्यांच्या तोंडाकडे बघत राहिले, आपण परक्या देशातल्या बातम्या बघतो तसे. बाई म्हणाल्या, कधी कधी असं होतं, नंतर शिकलेली भाषा जाते आणि आधीची उरते. परत येईल का म्हटलं, तर त्यांनी पर्स उचलली.

टेबलावर पहिला खंड पडला होता. बाबांनी चाळला, वजन पाहिलं. म्हणाले, "फार मेहनत केलीय बिचाऱ्यानं. उशाला घ्यायला बरा आहे." मी हसले. मग न्हाणीघरात जाऊन नळ सोडून बसले.

तो समीक्षक आज दारात आला तर मी त्याला काय सांगू? सभेत मी कुणालाही तीन वाक्यांत गप्प करते. इथे मला एक सुचत नाही. आणि त्याहून वाईट सांगू? त्यानंतर माझी भाषणं बंद पडली. मागच्या सभेला उभी राहिले, नेहमीची चाल लावली, आवाज खाली नेला, वर आणला, आणि बरोबर जागी टाळी पडली. मी समोरच्या चेहऱ्यांकडे पाहिलं आणि मला वॉशिंग मशीन आठवलं. इंग्रजीविरुद्ध मी जो श्वास फुंकला तो मला इंग्रजी वाक्यांनीच शिकवलाय, त्या टेबलाशी, पेन्सिलीच्या धाकानं. माझं म्हणणं खोटं आहे असं मला आजही वाटत नाही. पण टाळ्या कशाला पडत होत्या, ते मला कळेनासं झालंय. मी "धन्यवाद" म्हणून खाली बसले. अध्यक्षांना वाटलं, चक्कर आली.

आता जे लिहायचं इतकी पानं टाळत आले ते. बाबा म्हणायचे, इंग्रजी वाक्य क्रियापद लवकर देऊन मोकळं होतं, मराठी ते शेवटपर्यंत मुठीत धरतं. मी मराठी बाई. मूठ उघडते.

तू शाळेत गेलास त्या दिवशी बाबांनी ठरवलं, मुलाशी इंग्रजीतच बोलायचं. तेव्हापासून तुमच्या दोघांत मराठीचा शब्द नाही. भांडलात इंग्रजीत, आई गेली तेव्हा एकमेकांना धीर दिलात तोही इंग्रजीत. मला त्याचा हेवा वाटायचा, तो वेगळा विषय. काल रविवारी तू नेहमीसारखा फोन केलास. मुखपृष्ठाबद्दल, समारंभाबद्दल, पानाच्या निवडीबद्दल बोललास. तुझी वाक्यं लांब, बांधेसूद, त्यांनीच घडवलेली. बाबा रिसीव्हर कानाशी धरून मान हलवत होते, मधे मधे "हं, हं" म्हणत होते. तुझं बोलणं संपलं. त्यांनी रिसीव्हर माझ्याकडे दिला, मी तो नेहमीसारखा तळव्यानं झाकला, आणि त्यांनी विचारलं,

"कोण होते गं ते?"

"ओळखलं नाहीत?"

"नाही बुवा. दर रविवारी फोन करतात. फार सभ्य गृहस्थ आहेत, कंटाळत नाहीत." मग आवाज खाली आणून, तुला ऐकू जाईल म्हणून असेल, म्हणाले, "पण लाईन अडवून बसतात. मधे दादाचा लागला नसेल."

मी म्हटलं, "बाबा, अहो, तोच दादा होता."

त्यांनी माझ्याकडे असं पाहिलं, जसं खोटं बोलणाऱ्या पोराकडे बघतात. "काहीतरीच काय! दादा मला 'बाबा' म्हणतो."

आणि काठीनं फोन जवळ ओढून बसले. जेवायला हाक मारली तर "इथेच आण, रिंग ऐकू यायची नाही" म्हणाले. दुपारी डुलकी लागली तेव्हाही हात रिसीव्हरवर होता. संध्याकाळी म्हणाले, "कामात असेल." मी म्हटलं, "करेल." दर रविवारी हेच चाललंय, दादा. तू फोन करतोस आणि तुझा फोन येत नाही. तुला सांगितलं नाही, कारण तुझ्याकडे बाबांचं तेवढंच होतं. मी काय सांगणार होते? की ते तेवढंही उरलं नाही?

समारंभाचं तू ठरव. प्राचार्यांना मी काही कळवलेलं नाही. व्यासपीठावर बसवायचं, न बसवायचं, खंडाचं काय करायचं, सगळं तू ठरव. मला त्यातलं काही मागायचं नाही.

मागते ते एकच. येत्या रविवारी फोन करशील तेव्हा मराठीत बोल. "बाबा, मी दादा बोलतोय." एवढं म्हण. तुझं मराठी मोडकं झालंय, जिभेला लाज वाटेल, शब्द अडेल. अडू दे. श्वास चुकला तर पेन्सिल थांबवणारं आता कुणी नाही. पुढे काही सुचलं नाही तर सायकलच्या दांडीचं विचार. ते पुढचं सगळं बघून घेतील. हे पत्र कुरिअरनं पाठवतेय, म्हणजे रविवारच्या आत तुझ्या हातात पडेल. फोन मी उचलणार नाही. रिंग वाजली की मी गॅलरीत जाऊन उभी राहीन आणि दार लावून घेईन.

दर रविवारी संध्याकाळी "करेल" म्हणणारा,
तुझा, आवाज बसलेला
भोंगा