व्याह्यांच्या खिशातला तांबडा खडा

आप्पा, तुम्ही पाहिलेल्या जगात वाळवंट नव्हतं. तुमच्या जगाच्या एका बाजूला समुद्र होता, दुसऱ्या बाजूला घाट, आणि मधोमध देवीची ती राई, जिच्यात भर दुपारीही दिवस मावळल्यासारखं वाटे. त्यामुळे परवा आम्ही जिथं जाऊन आलो ती जागा तुम्हांला कशी सांगावी, याचा विचार मी परतीच्या विमानात बसल्यापासून करतो आहे. अ‍ॅरिझोना आणि युटा या दोन राज्यांच्या सीमेवर तांबड्या मातीचा अफाट प्रदेश आहे. सावलीला झाड म्हणून नाही. गुडघ्याएवढी करडी झुडपं, आणि त्यांतून एकदम आभाळात सरळ गेलेले तांबडे खडक, एकेक आपल्या गावाहून मोठा. ही भूमी नवाहो या इथल्या मूळ लोकांची. ती त्यांना पवित्र आहे, आणि आतल्या भागात त्यांच्यातला वाटाड्या बरोबर असल्याशिवाय कुणाला जाता येत नाही. हा नियम वाचूनच मला समाधान वाटलं. ज्या देवस्थानात कुणीही कसंही शिरू शकतं, त्याविषयी तुमचं मत काय होतं ते मी विसरलेलो नाही.

आम्ही कोण कोण होतो ते आधी सांगायला हवं. तुमच्या नातीचं लग्न ठरलं आहे. तुम्ही तिला पाहिलं नाही. तुम्ही गेलात त्याच्या पुढच्या वर्षी ती इथं अमेरिकेत, अर्विंगला जन्मली. मुलगा मूळचा पुण्याचा, सांता क्लाराला नोकरी करतो. त्याचे आईवडील आम्हांला भेटायला म्हणून भारतातून आले होते. मुलाची सुट्टी ऐन वेळी कॅन्सल झाली, पण सहल ठरलेली होती, म्हणून व्याही, विहीणबाई, तुमची सून, नात आणि मी असे पाच जण निघालो. व्याही पाटबंधारे खात्यातून निवृत्त झालेले, सरळ आणि करारी गृहस्थ. रोज पंचायतनाची पूजा केल्याशिवाय चहा घेत नाहीत. देव तांब्याच्या डब्यात घालून अमेरिकेपर्यंत बरोबर आणलेले. मला ते मनापासून आवडले. तरीही एक गोष्ट या महिन्यात मला नव्यानं कळली. या देशात इतकी वर्षं काढली, मोठमोठ्या अधिकाऱ्यांना त्यांच्या चुका तोंडावर सांगणं हेच माझं काम, पण मुलीचा बाप म्हणून व्याह्यांसमोर उभं राहिलं की पाठ आपोआप थोडी वाकते. तुमची सून तर क्षणोक्षणी माझ्या कानाशी लागत होती. "अहो, त्यांना पुढची सीट द्या." "अहो, त्यांचं पाणी संपलंय." "अहो, तुम्ही फार बोलू नका."

आमची वाटाडी माझ्याच वयाची बाई होती. डोक्यावर टोपी, गळ्यात निळ्या खड्यांची माळ, आणि बाजूंनी उघडा असलेला मोठा ट्रक ती बैलगाडी हाकावी इतक्या निवांतपणे हाकत होती. निघण्यापूर्वी तिनं दोनच गोष्टी सांगितल्या. इथून काही न्यायचं नाही, आणि इथं काही टाकून जायचं नाही. पुढं एखादा खडक दाखवताना ती बोट करत नसे. ओठ किंचित पुढे काढून त्या दिशेला मान वळवी. तिच्या आजीनं बोट दाखवायची सवय लागू दिली नव्हती म्हणाली. विहीणबाई लगेच तुमच्या सुनेला म्हणाल्या, "आमच्या सासूबाईपण अश्शाच. हात हलवायच्या नाहीत, ओठानंच सगळी कामं सांगायच्या." नातीनं ते तिला इंग्रजीत सांगितलं, तेव्हा त्या बाईनं गाडी चालवता चालवता मागं न बघता उत्तर दिलं, "माझ्याही." ट्रकभर हशा झाला. मी हसलो, पण माझ्या डोळ्यांसमोर तुम्ही होतात. राईकडे कुणी बोट दाखवलं तर तुम्ही ते बोट हळूच खाली करायचात, आणि उपरण्याच्या टोकानं वाट दाखवायचात.

त्या राईचं सगळं गावकीनं तुमच्यावर सोपवलं होतं. सोसायटीतली कारकुनी संपवून तुम्ही घरी येण्याआधी तिथं एक फेरी मारायचात. तिथली वाळकी काडीसुद्धा बाहेर यायची नाही, हा कायदा. मला एक पावसाळा आठवतो. वादळानं राईतल्या जुन्या झाडाची फांदी पडली आहे, आमच्या परड्याला लागूनच. घरातलं जळण ओलं. आई चुलीत नारळाची सोडणं कोंबते आहे, स्वयंपाकघरात धूर इतका की भाकरी तव्यावर आहे की नाही ते दिसत नाही. आई डोळे पुसत म्हणते, "देवीला काय स्वयंपाक करायचाय त्या फांदीवर? कुजून जाईल ती." तुम्ही पाटावर बसून, भाकरीची वाट पाहत, शांतपणे म्हणता, "कुजू दे. कुजायचा तिचा हक्क आहे." ती फांदी खरोखरच तिथंच कुजली, आणि पुढं तिच्यावर काय काय उगवलं ते आईच मला कौतुकानं दाखवत असे.

आणि दुसरी आठवण गारंबीच्या बीची. तळहात भरेल एवढी, चपटी, तपकिरी, तेल लावल्यासारखी चकचकीत. राईतल्या वेलाखाली पडलेली मला सापडली, आणि मी ती चड्डीच्या खिशात घालून घरी आणली. तुम्ही खिशाचा फुगवटा पाहिलात. मारलं नाही, ओरडलाही नाहीत. माझ्याबरोबर राईच्या कडेपर्यंत चालत आलात, वहाणा काढल्यात आणि म्हणालात, "ठेवून ये. मी इथं उभा आहे." मी एकटा आत गेलो. भीती वाटत होती, पण दर वेळी मागं वळलो की झाडांमधून तुमचा पांढरा सदरा दिसत होता. परत आलो तेव्हा तुम्ही वहाणा घातल्या आणि वाटेत आंब्याच्या मोहोराबद्दल बोललात. आईला ही गोष्ट तुम्ही कधी सांगितली नाही. ती मी तुमच्या नातीला सांगितली, शाळेत सोडायला जाताना गाडीत, पुन्हा पुन्हा, कारण तिला तीच हवी असायची. आणि प्रत्येक वेळी तिचा एकच प्रश्न असायचा, "पण आजोबा बाहेर का थांबले? व्हाय डिडन्ट ही गो विथ यू?" मी म्हणायचो, मोठी माणसं अशीच असतात. उत्तर मला माहीत नव्हतं.

तर परवा. दुपार कलल्यावर त्या बाईनं एका उंच खडकाच्या पायथ्याशी ट्रक थांबवला आणि आम्हांला थोडा वेळ हिंडू दिलं. इतकी शांतता मी कधी ऐकली नव्हती. आम्ही परत ट्रकपाशी आलो, तेव्हा व्याह्यांनी मला बाजूला घेतलं. चेहरा लहान मुलासारखा उजळलेला. खिशातून त्यांनी एक खडा काढला, सुपारीएवढा, गोल, लालभडक. पंचायतनात पाच देव असतात आणि त्यांतला गणपती म्हणजे तांबडा खडा, हे तुम्हांला सांगायला नको. त्यांच्या घरचा खडा, त्यांच्या आजोबांच्या काळचा, मागं हातून पडून दुभंगला होता. "तेव्हापासून शोधतोय हो," ते हळू आवाजात म्हणाले, "मनासारखा मिळाला नाही. आणि आज बघा, पायाशी आला. लग्नाच्या तोंडावर गणपती घरी येतोय. तुमच्या लेकीचा पायगुण म्हणायचा हा."

मी काय बोलणार होतो? तो खडा आता नुसता खडा राहिला नव्हता. तो परत ठेवा म्हणणं म्हणजे त्यांच्या देवाला नको म्हणणं, आणि आपल्याच मुलीचा पायगुण आपणच पुसून टाकणं. नियम मला मान्य होता. तो आपल्या घरचाच नियम होता. पण समोर मुलीचं सासर उभं होतं.

सगळे ट्रकमध्ये बसलो. ती बाई चालकाच्या जागी बसली, पण किल्ली फिरवली नाही. समोर बघत साध्या आवाजात म्हणाली, "कुणाच्या हाताला चुकून काही चिकटलं असेल, तर मला घाई नाही. मी कुणाचे खिसे बघत नाही." मी वाकून बुटाची नाडी बांधत होतो. तेवढ्यात तुमची नात उठून उभी राहिली.

"काका," ती म्हणाली, "तुमच्याकडे आहे ना एक? मी पाहिला मघाशी."

"अगं, तो पूजेसाठी घेतलाय मी. शोकेसमध्ये मिरवायला नाही."

"आय नो, काका. पण त्यांच्यासाठी पण तो देवाचाच आहे ना?"

विहीणबाई म्हणाल्या, "एवढासा तर खडा! एवढ्या मोठ्या डोंगराला काय कमी पडणार आहे?" त्यांचा आवाज रागाचा नव्हता, फांदीबद्दल बोलणाऱ्या आईचा होता.

व्याह्यांचा आवाज मात्र चढला होता. "गणपती एकदा हातात आला की टाकायचा नसतो. हे तुम्हां इकडच्या मुलांना कुणी सांगितलं नसेल."

तुमच्या सुनेनं माझ्या दंडाला चिमटा काढला. "अहो, तिला गप्प करा." 

"टाकायचा नाही, काका," नात म्हणाली. आवाज चढला नव्हता, उतरलाही नव्हता. "ठेवायचा. जिथं तो राहतो तिथं. चला, मी येते तुमच्याबरोबर." आणि ती ट्रकमधून खाली उतरून त्यांच्यासाठी हात पुढे करून उभी राहिली.

त्या हाताकडे ते बघत राहिले. आप्पा, त्या हातात माझ्या मुलीचं सगळं पुढचं आयुष्य आहे असं मला वाटलं, आणि तो हात जराही हलत नव्हता. अखेर ते उतरले. दोघं खडकाकडे चालत गेली. अर्ध्या वाटेवर एक वाळलेलं झुडूप होतं, तिथं ती थांबली. वारा आमच्याकडे होता, म्हणून तिचे शब्द मला स्पष्ट ऐकू आले. "तुम्ही ठेवून या, काका. मी इथं उभी आहे."

माझ्या कानांवर माझाच विश्वास बसेना, आप्पा. तुमचं वाक्य, तिच्या त्या अमेरिकन हेलात, त्या वाळवंटात. व्याह्यांनी बूट काढले, मोजेही काढले आणि अनवाणी पुढं गेले. वाकून खडा ठेवला, हात जोडले आणि बराच वेळ तसेच उभे राहिले. मला वाटतं त्यांनी एखादं स्तोत्र पूर्ण म्हटलं. ती झुडपापाशी उभीच होती. तिनं पाठ फिरवली नाही आणि एक पाऊलही पुढं टाकलं नाही.

परत येऊन ते बसले. वाटाडी बाईनं किल्ली फिरवली आणि वाटेत पुढच्या खडकाबद्दल, पाण्याबद्दल, मेंढ्यांबद्दल सांगत राहिली, जणू काहीच झालं नव्हतं. तुम्हांला ती आवडली असती. व्याही पायांची तांबडी माती झटकत होते. मग त्यांनी मागं वळून नातीला हाक मारली, "इकडे ये गं. माझ्याशेजारी बस." ती गेली. त्यांनी आपल्या पिशवीतली चिक्कीची वडी काढून तिला दिली आणि स्वतःशीच बोलल्यासारखं म्हणाले, "पायगुण म्हणालो होतो. ते मागं घेत नाही मी."

संध्याकाळी जेवणाच्या टेबलाशी ते मला म्हणाले, "एक विचारू? नोकरीत मला वरिष्ठांनी पुष्कळदा चूक दाखवली, पण दर वेळी माझ्या मानगुटीवर हात ठेवून. ही पोरगी मला माझ्या पायांनी जाऊ देऊन बाहेर थांबली. हे तुमच्या घरात कुठून आलं?" शाळेच्या वाटेवर ज्याला मी कधी उत्तर देऊ शकलो नाही, त्या प्रश्नाचं उत्तर तिनं झुडपापाशी उभं राहून दिलं होतं आणि व्याह्यांनी ते मला वाचून दाखवलं. मी म्हणालो, "माझ्या वडिलांकडून." इतक्या ताठ मानेनं मी आयुष्यात क्वचितच एखादं वाक्य बोललो असेन. तुमचं छायाचित्र त्यांनी फोनवर मागून घेतलं, आणि पांढऱ्या सदऱ्यातल्या तुमच्याकडे चष्मा वर करून नीट पाहिलं.

लग्न ठरल्याप्रमाणे होणार आहे. विहीणबाईंनी कालच तुमच्या सुनेशी शालूच्या रंगावरून खडाजंगी केली, म्हणजे संबंध आता पक्का झाला. तुमची राई अजून उभी आहे, असं गावाहून कळतं. ती इथवर पसरली आहे हे मात्र गावात कुणाला ठाऊक नाही, आणि ते सांगावं म्हणून मी हे लिहायला बसलो. पाठवायचा पत्ता असता तर मी इथंच थांबलो असतो. तो नाही, म्हणून एक गोष्ट उरते, ती फक्त तुम्हांलाच सांगण्यासारखी. "माझ्या वडिलांकडून" हे उत्तर खरं आहे, पण तुम्ही आणि ती यांच्यामध्ये एक माणूस आहे, आणि ती उठली तेव्हा त्याच्या मनात आलेला पहिला शब्द होता, "खाली बस." बुटाची नाडी सुटलेली नव्हती, आप्पा.