चौकातला हातोडा

११ नोव्हेंबर, सोमवार

फट्! – छे, फट् नव्हे. आधी 'हुप्' असा, कुणीतरी श्वास आत ओढल्यासारखा आवाज. मग काचेचा सडा. मग आमच्या हिचं ओरडणं. संगणकाचा जुना, पोट सुटलेला पडदा हातोडीने फोडला की असा आवाज होतो. चोवीस वर्षांपूर्वी मी तो केला होता. आज सकाळी बार्लीच्या चहाच्या किटलीचं झाकण उडालं आणि तोच आवाज कानात उठला.

फोनवर निरोप आला होता. "सन्माननीय सदस्य बांग योंग-मो, आमचा खेळ २८ नोव्हेंबरला दुपारी बारा वाजता कायमचा बंद होत आहे. त्यानंतर आपलं खातं आणि त्यातलं पात्र पुसलं जाईल."

मी! सदस्य! सत्त्याहत्तर वर्षांत मी पत्ते पिसले नाहीत. शाळेत भाषा शिकवली, कविता पाठ करून घेतल्या. खेळ कसला?

दुपारी उमगलं. नाव माझं, नागरिक क्रमांकही माझा. तेव्हा पोरांना खेळात शिरायचं तर बापाचा क्रमांक भरावा लागे, आणि घरोघरची पोरं तो बापाच्या पाकिटातून उतरवून घेत. हानसोलनेही घेतला.

हानसोल – माझा मुलगा. हातोडीच्या दुसऱ्या दिवशी घर सोडून गेला. अठरा वर्षांचा होता. अजून आलेला नाही. आईच्या अंत्यविधीलाही नाही. त्यालाही आता आठ वर्षं झाली.

मला वाटत होतं मी तो खेळ फोडला. फोडला होता नुसता पडदा. आत त्याचा माणूस चोवीस वर्षं उभा आहे – माझ्या नावावर! सतरा दिवस राहिले. त्या माणसापर्यंत पोचायचं. कुणी सांगावं, तिथून हानसोलची वाट सापडेल.

१२ नोव्हेंबर

कवितामंडळाची पत्रिका काढायला घेतलेला संगणक आहे. त्यावर खेळ उतरवून घेतला. चिन्हावर दोनदा टिचकी. निळं कडं गरागरा फिरतं, थांबतं, मरतं. काही उघडत नाही. पुन्हा. पुन्हा. चूक काय तेही सांगत नाही! वर्गात उभं केल्यावर मान खाली घालून गप्प राहणारं कार्टं असतं ना, तसं. त्या गप्प राहण्यानेच माझा हात उठायचा.

आजही उठला. कळफलकावर मूठ मारली. एक कळ उडून तोंडावर आली. करंगळीखाली फाटलं, रक्त.

१३ नोव्हेंबर

यंत्र बंद करून चालू केलं. खेळ काढून पुन्हा घातला. 'प्रशासक म्हणून चालवा' असं एक बटण असतं – तेही दाबलं. निळं कडं. मरण.

पाणी प्यायला स्वयंपाकघरात गेलो. परत आलो तेव्हा हातात हातोडी होती.

तीच. दांड्याला हिने गुंडाळलेली लाल पट्टी अजून आहे. कधी उचलली, आठवत नाही. संगणकासमोर उभा होतो, खांद्याच्या वर उचललेली. पडद्यावर माझं तोंड दिसत होतं. ओठ दाताखाली. हानसोलने त्या दिवशी हेच तोंड पाहिलं असणार. पडदा फोडल्यावर मी त्याच्याकडे वळलो होतो – हातोडी हातातच होती. ही मधे पडली म्हणून. तिच्या खांद्यावर निसटता घाव बसला. महिनाभर तिला हात वर करता येत नव्हता.

हे मी आजवर कागदावरसुद्धा लिहिलं नव्हतं.

हातोडी चपलांच्या कपाटात टाकली. लिफ्टमधे चिकटवलेला दुरुस्तीवाल्याचा नंबर लावला.

१४ नोव्हेंबर, गुरुवार

आज विद्यापीठ प्रवेशाची परीक्षा. पोरांना ऐकण्याचा पेपर नीट ऐकू यावा म्हणून विमानंसुद्धा आभाळात थांबवतात. आमचं मासान बंदराचं गाव, पण आज मासळीबाजारातही आवाज नव्हता.

दुरुस्तीवाला आला. पन्नाशी ओलांडलेला, पोट सुटलेलं, बूट काढताना कण्हणारा. दारातच वाकून नमस्कार केला – कंबरेतून, शाळेतल्यासारखा.

"सर, ओळखलं नाहीत?"

नाही ओळखलं.

"अठ्ठ्याऐंशीचा वर्ग. शेवटून दुसरा बाक. गुक दोक-बे."

मी म्हटलं, "बैस, बैस, काय करतोस?" तो नुसता हसला आणि खुर्ची फिरवून माझ्या दुसऱ्या बाजूला नेऊन ठेवली. "सर, उजवीकडून बोला. डावा कान तुमच्या वर्गातच राहिला."

हसत म्हणाला. शपथेवर, हसत!

आठवलं. नदीची कविता. माझी सगळ्यात लाडकी. 'बर्फाखाली नदी बोलली – ऐकले कोणी नाही'. एकेकाला उभं करून म्हणून घेत होतो. याला तिसरं कडवं येईना. आधी छडी, छडी मोडली. मग उलट्या हाताने कानाखाली. एकदा नाही. कानातून पातळसं काहीतरी आलं होतं. मी "जा, तोंड धुऊन ये" म्हटलं आणि पुढच्या मुलाला उभं केलं.

दोक-बे मात्र संगणकात डोकं घालून बसलेला. "सर, बँकेचे पहारेकरी प्रोग्राम किती बसवलेत हो! सात! हे एकमेकांच्या उरावर बसतात. खेळ दाराशी आला रे आला की त्याचा गळा आवळतात." त्याने सातही काढून टाकले. टिचकी. निळं कडं. या वेळी एक काळी चौकट उघडली – आणि मिटली.

"आता निदान किंकाळी तरी फोडली," दोक-बे म्हणाला. "म्हणजे जिवंत आहे."

चहा देताना मी विचारलं, "तू गावातच दुकान चालवतोस. आमचा हानसोल कधी दिसला का रे?"

त्याने मान वळवली. डावा कान माझ्याकडे आला.

"काय म्हणालात, सर?"

मी पुन्हा विचारलं नाही.

१५ नोव्हेंबर

दोक-बे आला नाही. काही लिहावंसं वाटत नाही. हात ठणकतो.

१६ नोव्हेंबर, शनिवार

सापडलं! आणि काय सापडलं!

दोक-बेने काळी चौकट पकडून वाचली. मग खुर्चीत मागे रेलून इतका हसला की डोळ्यांत पाणी. "सर, हा संगणक पहिल्यांदा लावलात तेव्हा नाव कोणी भरलं?"

"मी. माझंच नाव."

"आपल्या अक्षरांत?"

"मग काय रोमन अक्षरांत?" माझा आवाज चढला. "माझं नाव माझ्याच लिपीत लिहिणार!"

"तेच तर. तुमच्या नावाचा कप्पा तयार झाला, त्या कप्प्यात खेळ बसला. खेळ आपलाच, पण त्याचा दारवान परदेशी. त्याला आपली अक्षरं वाचता येत नाहीत. तो तुमच्या नावापाशी येतो आणि तिथेच मरतो." मग हळूच, "वहीवर रोमन अक्षरं काढली म्हणून तुम्ही अख्ख्या रांगेच्या पोटऱ्या फोडल्या होत्यात, सर. मीही होतो त्या रांगेत."

म्हणजे चार दिवस माझ्याच नावाला ठेचकाळत होतं ते!

नवं खातं काढायचं ठरलं. दोक-बेने हात मागे घेतले. "तुम्ही टाइप करा." एका बोटाने रोमन अक्षरांत नाव लिहिलं.

टिचकी. निळं कडं. आणि ढोल! तुताऱ्या! पडदाभर आग, किल्ला, तलवारी. फोनवर सहा आकडे आले, ते भरले. मी सदस्य बांग योंग-मो असल्याचं सिद्ध झालं.

दोक-बे म्हणाला, "पूर्वी आमच्या दुकानात तासाच्या भाड्याने संगणक मिळायचे, पोरं हाच खेळायची. मीही." बूट घालताना इकडे-तिकडे बघत होता. हिच्या फोटोपाशी थांबला, वाकला. तिला कुठे ओळखत होता, कळलं नाही.

तो गेल्यावर दार लावून आत शिरलो.

एक चौक. मधे एक किरकोळ म्हातारा उभा, अंगात फाटका सदरा, हातात छडी. डोक्यावर नाव तरंगतंय – 'बांगसर'.

पोराने मला बनवलं होतं.

१७ नोव्हेंबर

आज चालायला शिकलो. चौकात अर्धा तास भटकलो. चिटपाखरू नाही; बंद पडणारं गाव ते. मग पलीकडून एक धिप्पाड माणूस आला, अंगभर लोखंड, खांद्यावर घण. डोक्यावर नाव – 'हातोडा'.

हातोडीची गोष्ट जगात तिघांनाच ठाऊक. मला, हिला, हानसोलला. ही तर गेली.

मी लिहिलं, "हानसोल?"

त्याने घण उचलला आणि माझं डोकं फोडलं. पडदा लाल झाला.

१८ नोव्हेंबर

आज सात वेळा मारलं. मेल्यावर देवळाच्या पायरीवर पुन्हा उठतो. चालत चौकात परत जातो. तो तिथेच थांबलेला असतो. बरगड्या, गुडघा, कवटी. हाडं मोडल्याचा आवाजही देतात!

तो मारतो म्हणजे तो आहे. जेवायला विसरलो.

२० नोव्हेंबर

दोक-बे फोनवर: "काय सर, चालतोय ना खेळ?" म्हटलं, चालतोय, रोज मार खातोय. "कोण मारतंय?" म्हटलं, माझा मुलगा. मग, "सोडून का नाही देत? यंत्र बंद करा, झालं." मी म्हटलं, पोरांना बंद करता येत होतं का रे माझा तास?

२२ नोव्हेंबर

एक्केचाळीस वेळा मेलो. आज मारण्याआधी त्याने पहिल्यांदाच काही लिहिलं –

"तिसरं कडवं?"

नदीची कविता! जेवणाच्या ताटावर, आंघोळीच्या आधी, हानसोलकडून मी ती किती वेळा म्हणून घेतली! पहिलं कडवं लिहिलं. दुसरं लिहिलं. तिसरं –

नाही. पाटी कोरी! चाळीस वर्षं शिकवलेली कविता!

घण. कवटी.

२३ नोव्हेंबर

माळ्यावर जुनं पाठ्यपुस्तक आहे. शिडी लावली. दोन पायऱ्या चढलो आणि उतरलो. बघून म्हणणाऱ्याला मी दुप्पट मारायचो.

२५ नोव्हेंबर

येत नाही. आज अकरा वेळा.

मुळ्याचं सार नासलं. फेकलं.

२७ नोव्हेंबर, बुधवार

उद्या दुपारी सगळं पुसलं जाणार. आज चौकात गेलो तेव्हा तो वाट बघतच होता. "तिसरं कडवं?"

मी लिहिलं, "विसरलो. मार."

घण वर गेला. मी लिहीतच राहिलो, एका बोटाने. शब्द चुकले, पुसले नाहीत. "हानसोल, उद्या हे गाव राहणार नाही, म्हणून आज सांगतो. याच कडव्यासाठी मी अठ्ठ्याऐंशी साली एका मुलाचा कान फोडला. सोळा वर्षांचा होता. रक्त पुसायला रुमालही दिला नाही. तोच आता माझ्या घरी येऊन हा संगणक दुरुस्त करून गेला, म्हणून मी तुझ्यापर्यंत आलो. त्याला चहा दिला. माफी मागायची जीभ वळली नाही. तुझ्यावर हातोडी घेऊन वळलो होतो, तो घाव तुझ्या आईने घेतला. तिचीही मागितली नाही. कवितेवर माझं प्रेम होतं रे. पण मुलांच्या अंगावर वळ उठवूनच ते दाखवता आलं. आता मार."

घण वरच राहिला. किती वेळ कोण जाणे. मग खाली आला – जमिनीवर.

आणि पडद्यावर अक्षरं उमटू लागली. चार ओळी. अख्खं तिसरं कडवं, कानामात्रेसकट. शेवटी –

'फुटला बर्फ तेव्हा कळले,
ऐकत होते काठ सारे.'

मी टेबलावर डोकं ठेवून रडलो. मान वर केली तेव्हा तो नव्हता.

२८ नोव्हेंबर. पावणेबारा

हातोडा आला. मारलं नाही. एकच ओळ लिहिली –

"सर, दार उघडा."

सर? हानसोलने मला कधी सर म्हटलं नाही. मला सर म्हणणारा, हे कडवं जन्मभर कानात घेऊन फिरणारा –

दोक-बे. इतके दिवस दोक-बे मारत होता. काल मी जे लिहिलं, ते त्याने वाचलं.

मग हातोडीचं त्याला कोणी सांगितलं?

घंटा वाजते आहे. दाराच्या छोट्या पडद्यावर एक माणूस दिसतो. एकटाच. कानशिलांवरचे केस पिकलेले, खांदे आत ओढलेले, मार चुकवायच्या बेतात असल्यासारखे. दोक-बे नव्हे. त्याने वर पाहिलं. डोळे हिचे.

जातो. चपलांचं कपाट दाराशीच आहे. आधी हातोडी त्याच्या हातात देतो, मग आत ये म्हणतो.