डॉक्टर गोड बोलायलेत

४ जानेवारी, रविवार
दुपारी टीव्हीवर तो जुना हिंदी सिनेमा. गुंड डॉक्टरकी शिकतो, पेशंटना मिठ्या मारतो, पेशंट बरे होतात. विमला रडली. मी रडलो नाही. सर्दी होती.
वैद्यकीयदृष्ट्या भंपक. पण मुद्दा बरोबर आहे. झरी गावातल्या माझ्या दवाखान्यात माणसं फक्त औषधाला येतात. उद्यापासून करुणा. ओरडणं बंद. विमला म्हणाली, घरापासून सुरू करा. तिला विषय कळलेला नाही.

५ जानेवारी
पहिला पेशंट सटवाजी. खोकला. मिठी मारली. तो लाकडासारखा ताठ. म्हणाला, सायेब, तंबाखू सोडतो पण हे नका करू.
पहिल्याच दिवशी व्यसनमुक्ती. संध्याकाळी बजरंगला तो पानटपरीवर दिसला म्हणे. बजरंग कंपाउंडर चांगला आहे, नजर कमजोर आहे.

६ जानेवारी
मिठी स्थगित. शर्टाला वास येतो. आता हात हातात घेणे आणि हळू आवाज, एवढंच.
धुरपताबाई आली. जुनी पेशंट. हुरडा खाऊन पोट फुगलेलं, दरवर्षीसारखंच. एरवी म्हटलं असतं, म्हातारे, तोंड आहे का हुरडा भाजायची आगटी? आज म्हणालो, आजी, काही काळजी करू नका, मी आहे ना.
तिच्या डोळ्यांत पाणी. सोबत मुलगा चंद्रभान. जाताना त्याने बजरंगला हळूच विचारलं, किती दिवस? बजरंग म्हणाला, पाच. गोळ्या पाच दिवसांच्याच होत्या. चंद्रभान दाराला धरून उभा राहिला.
माणसं भारावतात ती अशी.

७ जानेवारी
दवाखाना रिकामा. करुणेने गाव इतक्या लवकर निरोगी होईल असं वाटलं नव्हतं. बजरंग म्हणतो, गावात बोलणं चालू हाय की डॉक्टर गोड बोलायलेत, म्हणून कुणी यायची हिंमत करीना. बजरंगला मत विचारलं नव्हतं.

८ जानेवारी
धुरपताबाईला बघायला घरी गेलो. ओसरीभर माणसं. वाटलं, सत्कार असावा. नारळ दिसला नाही. गंगाजलाची बाटली दिसली.
म्हातारी भिंतीकडे तोंड करून पडलेली. परवापासून पोटात पाणीसुद्धा नाही. जीभ कोरडी, नाडी पळत होती. हे मात्र हसण्यासारखं नव्हतं. हातातल्या पाटल्या सुनेला देऊन झाल्या होत्या. मानवतला दिलेली लेक मनकर्णा उशाशी रडत होती.
हात हातात घेतला. हळू आवाजात सांगितलं, आजी, तुम्हाला काही झालेलं नाही. ओसरीत हंबरडा फुटला. मी जितक्या हळू समजावलं तितका तो वाढला.
चंद्रभान म्हणाला, तुमी आजवर मायला म्हातारेच म्हणलात. परवा आजी म्हणलात, तवाच आमी समजलो.
शेवटी ओरडलो. म्हातारे, नुसता गॅस आहे, ऊठ, पाणी पी, आणि पुन्हा हुरड्याला हात लावलास तर सलाइनची मोठी सुई टोचीन.
तिने डोळे उघडले. म्हणाली, मंग आधीच का न्हाई ओरडलास, मुडद्या? पाणी प्याली. पेज मागितली. मग पाटल्या मागितल्या. सुनेला नेमकं ऐकू आलं नाही.
निघताना चंद्रभानने मला आग्रहाने हुरडा खाऊ घातला. दोनदा.

९ जानेवारी
दवाखान्यात गर्दी. सगळ्यांवर ओरडलो. सगळे खूश होऊन गेले. करुणेचा परिणाम थोडा उशिरा दिसतो, इतकंच. यावर पेपर लिहावा म्हणतो. छातीत जळजळ.

१२ जानेवारी, परभणी
जळजळ थांबेना. विमलाने हार्टच्या डॉक्टरकडे आणलं. तरुण माणूस. तपासण्या केल्या. माझा हात हातात घेतला. हळू आवाजात म्हणाला, सर, काही काळजी करू नका, मी आहे ना.
मी म्हणालो, ओरडा. तो हसला. पाठीवर हात ठेवला.
बाहेर येऊन त्याच्या कंपाउंडरला हळूच विचारलं, किती दिवस?
म्हणाला, पाच.
हे दाराला धरून लिहितो आहे.