एक बघणारा, एक लिहिणारा

सोमवार, ३

आलो एकदाचा. क्वार्टर दोनच खोल्यांचं, पण उजेड भरपूर. छताला कारखान्यातल्याच पांढऱ्या प्लास्टिकच्या पट्ट्या, अगदी कोऱ्या. खिडक्यांना गज. दार तेवढं चौकटीत अडतं. खांद्याने दोन धक्के दिले की उघडतं. ही रविवारी येणार. तीन वर्षं दोन गावांत दोन बिऱ्हाडं, आता एक. वही तिनेच दिली. आल्या आल्या आधी ही वहीच वाचणार, अशी धमकीही दिली आहे. मी म्हटलं, नवऱ्याची रोजनिशी वाचायची नसते. ती म्हणाली, मग नवऱ्याने लिहायचीही नसते.

मंगळवार, ४

काम सोपं आहे. प्लास्टिकची वीतभर पट्टी चिमट्यात उभी टांगायची, खाली कापूस. खालच्या टोकाला दहा सेकंद ज्योत धरायची, काढून घ्यायची, आणि पट्टी आपणहून किती सेकंदांत विझते ते मोजायचं. मग पुन्हा दहा सेकंद. जळता थेंब पडून कापूस पेटला, तर सगळा लॉट नापास.

पूर्वी या टेबलाला दोघं असत. एक बघणारा, एक लिहिणारा. लिहिणाऱ्याची जागा वर्षापूर्वी रद्द झाली. बघणारे एक वयस्कर गृहस्थ. त्यांना सगळे आजोबा म्हणत. ते लांबच्या रजेवर आहेत म्हणे. झाडणाऱ्या मावशीने मला वरपासून खालपर्यंत न्याहाळलं आणि विचारलं, एकटेच का? डोळे तर तुम्हालाही दोनच दिसतात.

बुधवार, ५

लॉट सतरा. गोदामात पडून होता. विकण्याआधी पुन्हा तपासायचा आहे. पहिली पट्टी ज्योत काढताच विझली. रजिस्टरात शून्य लिहून मान वर केली, तर पट्टी पेटलेली. मी बघतोय तोवर विझली. पाच पट्ट्या, पाचही वेळा तेच. दिवस फुकट गेला. साहेब म्हणाले, वारा लागत असेल. पेटी बंद होती, असं सांगितलं, तर म्हणाले, नव्या माणसाला सुरुवातीला सगळं पेटलेलंच दिसतं.

गुरुवार, ६

पंखा बंद, पेटी बंद, फटींना चिकटपट्टी. वीस पट्ट्या जाळल्या. नजर ठेवली की विझते आणि विझलेलीच राहते. पापणी लवण्याइतकं चालतं. मान खाली घातली की पेटते. आणि मान खाली घातल्याशिवाय लिहायचं कसं? साहेबांकडे माणूस मागितला. विझलेल्या पट्टीकडे टक लावून बसायला माणूस कुठून आणू, म्हणाले. काय असेल ते लेखी द्या, वेळेसकट. लेखी द्यायलाच माणूस हवा आहे, हे दोनदा सांगितलं. त्यांनी चहा मागवला. एकच.

शुक्रवार, ७

आजोबांची रजिस्टरं काढली. दोघं होते तोवर लॉट सतरापुढे शून्यं, सुबक, एका रेषेत. एकटे पडल्यानंतरचे आकडे तिरपे, एकमेकांवर चढलेले. न बघता लिहिलेले. शेवटचा आकडा अर्धाच.

मावशीला विचारलं, आजोबा राहायचे कुठे. तुमच्याच क्वार्टरात की, म्हणाली. छत काय हौस म्हणून नवं घातलंय?

घरी येऊन एक पट्टी जरा उचकटली. मागे शिक्का आहे. लॉट सतरा.

शनिवार, ८

सुतार म्हणतो, साहेबांच्या चिठ्ठीशिवाय छताला हात लावणार नाही. साहेब म्हणतात, नोंदीशिवाय चिठ्ठी नाही. ही उद्या येणार, याच छताखाली. घ्या म्हटलं नोंद. खुर्चीवर चढलो, दारावरच्या पट्टीला दहा सेकंद लायटर धरला. विझली. शून्य.

आणि मग कळलं, काय करून बसलो ते. टेबलावरची पट्टी चिमट्यातून काढून बाहेर फेकता येते. ही कुठे फेकू?

पाणी मारलं. बादली ठेवायला वळलो, तेवढ्यात —

आता खुर्ची दारासमोर. बघत बसलो आहे. हे चाचपडत लिहिलं.

रविवार, ९

झोप नाही. न बघता लिहितो आहे, ओळी चढतील एकमेकांवर.

ही आली. दाराला दोन धक्के, बॅग आत, हसत. मी तिच्याकडे बघितलं. तीन वर्षांनी एका घरात — बघणारच ना.

मागे दार लागलं. वरून थेंब. मान वर केली तोवर वितळलेलं सगळं चौकटीत उतरून घट्ट बसलेलं. आतून चार हिसके दिले. सहा. दार हलत नाही.

९.४०

आता ती बघते, मी लिहितो. मिळाला शेवटी माणूस.

खिडकीतून हाका मारल्या. सुट्टी — रस्त्यावर कोणी नाही. दहाला मावशी जिने झाडायला येते. तोवर नोंदी. लेखी नसेल, तर साहेब म्हणतील काही झालंच नाही.

९.४६

शून्य.

९.५१

शून्य. मान अवघडली म्हणते. एवढं काय लिहितोयस म्हणते, सगळीकडे 'ही' नि 'ती', माझं नाव तरी घातलंस का कुठे — वर बघ म्हटलं. हसते आहे.

९.५७

शून्य. जिन्यात झाडू. मावशीच. हाक मारली — ओ दिली तिने — आली —

हिला म्हटलं, दोनच मिनिटं, वरच —

पानावर एवढा उजेड कुठून

तिची हनुवटी माझ्या खांद्यावर. वाचते आहे. हीच ओ